भोपळ्याचा बार पुण्याला पाठवायची घाई करू नका



भोपळा-ओट्स बारचा व्हिडिओ टाकल्यापासून फोन थांबेना झालेत. रेसिपीबद्दल फारसं कुणी विचारत नाही. प्रश्न एकच येतो, "सर, हे बार पार्सलने पाठवता येतील का? पुण्यात माझी बहीण राहते, तिच्या सोसायटीत सगळे घेतील." व्हिडिओत मी यावर अर्धं मिनिट बोललो आणि पुढे गेलो, ती चूक माझी. म्हणून आज हा लेख.

माझं मत आधीच सांगून टाकतो. हा बार विका, जरूर विका, पण आपल्या गावातच विका. परभणीत करत असाल तर परभणीत, सेलूत करत असाल तर सेलूत, जिंतूर, गंगाखेड, मानवत, कुठेही असा, तिथल्या तिथे विका. आज केला, परवापर्यंत संपला, असा. पाकिटात घालून महिनाभर टिकणारा माल म्हणून याच्याकडे बघाल तर पैसे जातील, आणि पैशांच्या आधी नाव जाईल.

माझ्या बॅचमधल्या एका ताईंचं उदाहरण घ्या. त्यांना विचारून लिहितोय, नाव मात्र घेत नाही. हप्त्यावर ओव्हन घेतला. मैत्रिणींना बार आवडले. मग पुण्याहून ४० बारची ऑर्डर आली. जुलै महिना, बाहेर रिपरिप चालू. ताईंनी रात्री बार भाजले, गरम गरमच प्लॅस्टिकच्या पिशवीत सील केले, कारण ट्रॅव्हल्सची गाडी साडेनऊला सुटणार होती. दुसऱ्या दिवशी पार्सल पोहोचलं, सगळे खूश. चौथ्या दिवशी फोन आला की बारवर पांढरी लव दिसतेय. एका घरात लहान मुलीने अर्धा खाल्ला होता. नशिबाने काही झालं नाही. ताईंनी सगळ्यांचे पैसे परत केले. पण त्या सोसायटीतून पुन्हा ऑर्डर आली नाही, आणि ताईंनी दीड महिना ओव्हनला हात लावला नाही. ओव्हनचा हप्ता मात्र दर महिन्याला चालूच होता.

त्यांचं काय चुकलं? लोक म्हणतात, "प्रिझर्व्हेटिव्ह घातलं नाही म्हणून." मला तसं वाटत नाही. पदार्थ ओला आहे हे मान्य न करणं, ही खरी चूक.

लाल भोपळा म्हणा, डांगर म्हणा, काशीफळ म्हणा नाहीतर गंगाफळ, त्याच्या गरात ९० टक्क्यांच्या आसपास पाणीच असतं. ओव्हनमध्ये बारचा वरचा थर वाळतो, कडा खमंग होतात, पण मधला भाग ओलाच राहतो. तो मऊपणाच लोकांना आवडतो. बुरशीलाही तोच आवडतो. भाजताना बुरशी मरते हे खरं, पण भाजल्यानंतर सुरीवरून, हातावरून, हवेतून ती परत येऊन बसते. त्यात गरम बार पिशवीत बंद केला की वाफेचे थेंब आतून धरतात. म्हणजे बी पेरलं आणि वर पाणीही दिलं, असा प्रकार झाला.

आपल्या घरातला घारगा आठवा. तोच भोपळा, तोच गूळ, वर पीठ आणि तूप किंवा तेल. आजी तो प्रवासाला बांधून द्यायची आणि दोन-तीन दिवस आरामात जायचा. का? कारण आजी किसलेला भोपळा गुळाबरोबर कढईत आटवायची. मग त्यात मावेल तेवढंच पीठ घालून घट्ट मळायची, पातळ थापायची आणि तळायची. प्रत्येक पायरीला पाणी बाहेर. आणि घारगा गार झाल्याशिवाय डब्यात भरू द्यायची नाही, वर झाकणाखाली फडकं टाकायची. आजीला कुणी फूड टेक्नॉलॉजी शिकवली नव्हती, पण काम तेच चाललं होतं. परदेशी व्हिडिओत डब्यातला तयार भोपळ्याचा गर सरळ पिठात ओततात. ते बघून आपणही उकडलेला भोपळा मिक्सरमधून काढून तसाच ओततो. तिथेच घोळ होतो.

म्हणून माझी पद्धत अशी. सालासकट ६०० ग्रॅम भोपळा घ्या. साल-बिया काढून फोडी करा आणि कुकरच्या डब्यात पाणी न घालता वाफवून घ्या. घोटा आणि जाड बुडाच्या कढईत मंद आचेवर निम्म्याहून कमी होईपर्यंत आटवा. साधारण २०० ग्रॅम गोळा उरला पाहिजे. उलथनं फिरवल्यावर कढईचा तळ दिसला पाहिजे आणि दिसत राहिला पाहिजे. त्यातच १२० ग्रॅम चिरलेला गूळ विरघळवा, मग ६० ग्रॅम तूप घाला. गार झालं की २०० ग्रॅम ओट्स, त्यातले निम्मे मिक्सरमधून जाडसर काढलेले. ४० ग्रॅम भाजलेल्या दाण्यांचं भरड कूट, थोडे तीळ, एक लहान चमचा बेकिंग पावडर, वेलची, जायफळ, चिमूटभर मीठ. ८ इंची चौकोनी टिनमध्ये दाबून बसवा. भोपळ्याच्या बिया फेकू नका, धुऊन, वाळवून, भाजून वरून लावा. आधी तापवलेल्या ओव्हनमध्ये १८० अंशांवर ३० ते ३५ मिनिटं. बाहेर काढल्यावर जाळीवर किमान दोन तास, पावसाळ्यात तीन तास. मगच सुरी लावायची. १६ तुकडे पडतात.

ओट्सबद्दल एक गोष्ट बोलतो, काहींना आवडणार नाही. ओट्स म्हणजे काही देवाचा प्रसाद नाही. आपल्या देशात हे पीक मुख्यतः जनावरांच्या चाऱ्यासाठी घेतलं जातं, आणि दुकानातल्या पाकिटाला आपण किलोमागे दोनशे रुपये मोजतो. आणि राहतो कुठे? ज्वारीच्या जिल्ह्यात! १९७२ साली स्थापन झालेलं कृषी विद्यापीठ आपल्या गावात आहे. त्याच वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाने इक्रिसॅटबरोबर काम करून २०१८ मध्ये 'परभणी शक्ती' नावाचा ज्वारीचा वाण आणला, नेहमीच्या ज्वारीपेक्षा लोह आणि जस्त जास्त असलेला. आणि आपण 'हेल्दी' म्हणत दुकानात जाऊन ओट्सचं पाकीट शोधतो.

मी करून पाहिलंय. ओट्स पूर्ण काढून सगळी ज्वारी घातली तर बार भुरभुरीत होतो, तोंडात कोरडा लागतो. ओट्स ओले झाले की चिकट होतात आणि तेच सगळं धरून ठेवतात. ज्वारीत तो गुण नाही. पण निम्मे ओट्स आणि निम्मं खमंग भाजलेलं ज्वारीचं पीठ घेतलं तर बार छान बसतो, आणि चव आपली वाटते. गिऱ्हाईकाला सांगायलाही काहीतरी असतं. "ओट्स बार" कुठेही मिळेल, "परभणीच्या ज्वारीचा भोपळा बार" तुमच्याकडेच मिळेल.

आता हिशोब. वही-पेन घ्या.

त्या ताई बार १५ रुपयांना विकत होत्या. मी विचारलं, ही किंमत कशी काढली? त्या म्हणाल्या, "सर, एका ट्रेला १२० रुपयांचा माल लागतो. सोळा बार. साडेसात रुपयाला एक पडतो. १५ ला विकते, म्हणजे दुप्पट." असा हिशोब मी शंभर वेळा ऐकलाय. पापडवाल्या ताईंकडून, मसालेवाल्या दादांकडून, सगळ्यांकडून.

माल १२० चा, हे बरोबर होतं. ओट्स ४०, भोपळा १८, गूळ ७, तूप ३९, दाणे ६, बाकी किरकोळ १०. (हे भाव मी धरलेले आहेत, तुम्ही तुमच्या दुकानातले टाका.) पुढे चला. गॅस आणि वीज १५. सोळा बारांचं वेष्टण आणि लेबल, प्रत्येकी २ रुपये धरून ३२. ओव्हन ६,००० चा, तो ३०० ट्रे काढेल असं धरलं तर ट्रेमागे २०. झाले १८७. शिवाय दहा टक्के माल वाया जाणारच. एखादा तुकडा मोडतो, एखादा चवीला द्यावा लागतो, आणि भाजताना मध्येच लाईट गेली तर आख्खा ट्रे जातो. परभणीत राहणाऱ्याला हे वेगळं सांगायला नको. म्हणजे सोळातले सरासरी १४.४ बारच पैसे देतात. १५ रुपयांनी त्याचे झाले २१६. त्यातून १८७ वजा करा.

उरले २९ रुपये.

आणि या २९ रुपयांसाठी ताईंनी भोपळा चिरण्यापासून लेबल चिकटवण्यापर्यंत सव्वादोन तास दिले होते. तासाला १३ रुपये झाले. मी हे वहीवर मांडलं तेव्हा त्या काही बोलल्या नाहीत, नुसत्या वहीकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "माझ्या वेळेचे पैसे मी कधी धरलेच नाहीत. घरातच तर असते मी."

घरात असणं म्हणजे फुकट असणं नाही, ताई. तुमचा तास तुम्ही ६० रुपये धरा, जास्त धरा, पण धरा. सव्वादोन तासांचे १३५ मिळवले की ट्रेचा खरा खर्च ३२२ होतो आणि एक बार २२ रुपये ३६ पैशांना पडतो. १५ ला विकताना ताई प्रत्येक बारमागे सात रुपये स्वतःच्या खिशातून घालत होत्या, फक्त ते दिसत नव्हतं.

एकाच वेळी दोन ट्रेंचं सामान केलं तर चित्र सुधारतं. चिरणं, आटवणं, भांडी घासणं हे दुप्पट होत नाही. तीन तासांत दोन ट्रे निघतात. खर्च मोजा: माल २४०, गॅस-वीज ३०, वेष्टण ६४, ओव्हन ४०, मजुरी १८०. एकूण ५५४. विकले जाणारे बार २८.८. एक बार १९ रुपये २४ पैशांना. ३० रुपयांना विकला तर ८६४ येतात. मजुरी धरून हातात ४९० राहतात, तीन तासांचे. निम्मी ज्वारी घातली की बारमागे अजून एक रुपया वाचतो.

"सर, परभणीत ३० रुपयांचा बार कोण घेणार?" हा प्रश्न येणार, मला माहीत आहे. अहो, बेकरीतली पेस्ट्री कितीला मिळते ते बघून या. आणि तुम्हाला आख्खी परभणी नकोय. २८-२९ बार म्हणजे प्रत्येकी तीन घेणारी दहा घरं. आठवड्यातून दोनदा केलं तर वीस घरं. वसमत रोडच्या एखाद्या अपार्टमेंटमध्ये, कोचिंग क्लासच्या मुलांच्या खोल्यांवर, विद्यापीठाच्या परिसरात सकाळी फिरायला येणाऱ्या मंडळींत वीस घरं सापडत नसतील, तर पुण्यात चाळीस कशी सापडणार? पुण्याच्या गिऱ्हाईकाला पार्सलचा खर्च वेगळा, आणि तो बार बिघडला तर तुम्हाला त्याच्या दारात जाऊन माफीही मागता येत नाही.

हेही सांगतो की यात घर चालत नाही. आठवड्याला दोनदा, महिन्याला आठ वेळा केलं तर ३,९२० रुपये. चोवीस तासांच्या कामाचे. सुरुवात म्हणून चांगले आहेत. "घरबसल्या महिन्याला पन्नास हजार" असं जो कुणी सांगत असेल, त्याला आधी त्याची वही दाखवायला सांगा.

किती दिवस टिकतो, हे मला विचारू नका. तुमच्या बारला विचारा. एका ट्रेचे बार गिऱ्हाईकाला देता तसेच पॅक करा, तारीख टाका, फळीवर ठेवा. फ्रिजमध्ये नाही, कारण गिऱ्हाईक ठेवेलच असं नाही. रोज एक उघडा. वास घ्या, मधून मोडून बघा, तळाशी बघा. जिथे पहिला फरक जाणवला तो दिवस लिहा आणि त्याच्या निम्मे दिवस लेबलवर टाका. पाचव्या दिवशी वास बदलला तर लेबलवर दोनच दिवस. हे मे महिन्यात एकदा करा, पावसाळ्यात एकदा, थंडीत एकदा. आपल्याकडे मेमध्ये पारा चाळिशीच्या वर असतो आणि डिसेंबरात हुडहुडी भरते, मग एकच तारीख बारा महिने कशी चालेल? आणि डोळ्यांना न दिसणारं बरंच काही असतं. चार-पाच दिवसांच्या पुढचा दावा करायचा असेल तर मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत तपासणी करून घ्या, अंदाजाने आकडा छापू नका. विद्यापीठाचं अन्नतंत्र महाविद्यालय परभणीतच आहे, तिथे जाऊन मार्गदर्शन मागायला लाजू नका. दुकानदाराने दिलेली कसलीतरी पावडर चिमटीने टाकणं हा उपाय तर अजिबात नको. त्याचं प्रमाण कायद्याने ठरलेलं असतं.

पार्सलचाच माल करायचाय? मग ओला पदार्थ सोडा. ज्वारीच्या लाह्या, भाजलेल्या भोपळ्याच्या बिया, तीळ आणि गुळाचा पक्का पाक घेऊन चिक्की करा. पाकात पाणी उरत नाही, म्हणून ती टिकते. तोच भोपळा, तीच ज्वारी, फक्त गर इथे विकायचा आणि बिया पुण्याला पाठवायच्या.

लेबलवरून एक प्रसंग सांगतो, कारण तो माझ्या मनातून जात नाही. दुसऱ्या एका ताईंनी व्हॉट्सॲप स्टेटसला टाकलं होतं, "शुगर फ्री, डायबिटीसवाल्यांसाठी उत्तम." साखर नव्हती हो, गूळ होता. शेजारच्या काकांनी विश्वासाने तीन बार खाल्ले. संध्याकाळी शुगर तपासली तर घरात गोंधळ. काका बरे आहेत, पण त्यांच्या सूनबाईंनी जे ऐकवलं ते ताईंनी मला रडत सांगितलं. मंडळी, गूळ ही साखरच आहे, रंग वेगळा एवढंच. अन्न सुरक्षा प्राधिकरणाच्या नियमांतही गूळ-मध घातलेल्या पदार्थावर 'साखर घातलेली नाही' असं लिहिता येत नाही. 'ग्लूटेन फ्री'चंही तसंच. आपले नियम ॲलर्जीच्या यादीत ओट्सला गहू-जवाबरोबरच धरतात, आणि शेंगदाण्याचंही नाव त्या यादीत आहे. सरळ लिहा: भोपळा, गूळ, ओट्स, ज्वारी, तूप, शेंगदाणे. जे जास्त वजनाचं ते आधी. निव्वळ वजन, केल्याची तारीख, कधीपर्यंत खायचं ती तारीख, किंमत, नाव-पत्ता, शाकाहारीचं हिरवं चिन्ह आणि १४ अंकी नोंदणी क्रमांक.

नोंदणी अवघड नाही. २०११ च्या नियमांत वर्षाला १२ लाखांपर्यंत उलाढाल असलेल्या छोट्या उद्योगाला साधी नोंदणी पुरेल अशी तरतूद होती, फी वर्षाला १०० रुपये होती. अर्ज फॉसकॉस पोर्टलवर. नियम आणि मर्यादा बदलत असतात, त्यामुळे अर्ज करायच्या दिवशी पोर्टलवर वाचून घ्या. यासाठी एजंटला दोन-तीन हजार देऊ नका.

आणि कर्ज? केंद्राची पीएमएफएमई योजना २०२० मध्ये आली. तिच्यात पात्र खर्चाच्या ३५ टक्के, जास्तीत जास्त १० लाख अनुदान होतं, पण ते बँकेच्या कर्जाला जोडलेलं. योजना सध्या चालू आहे का आणि अटी काय, ते जिल्हा अधीक्षक कृषी अधिकारी कार्यालयात विचारा. योजना चांगली, तरी माझा सल्ला असा की पहिले शंभर ट्रे घरच्या ओव्हनवर काढा. शंभर ट्रेंची वही असेल तर बँकेत बोलायला तुमच्याकडे काहीतरी असेल. वही नसताना घेतलेलं मोठं मशीन मी गोठ्यात ताडपत्रीखाली पडलेलं पाहिलंय.

पुण्याला पार्सल पाठवणाऱ्या त्या ताई आता मंगळवारी आणि शुक्रवारी बार करतात. ऑर्डर आदल्या दिवशी संध्याकाळी सातपर्यंतच घेतात. आख्खा भोपळा महिना-दोन महिने कोपऱ्यात टिकतो, म्हणून थंडीत भाव उतरला की चार-पाच घेऊन ठेवतात. किंमत ३० केली तेव्हा सहा गिऱ्हाईकं तुटली. त्यांना वाईट वाटलं, फोन करून मला विचारलं, परत २० करू का? मी म्हटलं, वही काढा आणि २० ने मांडून बघा. अर्ध्या तासाने त्यांचा मेसेज आला, "नको सर, ३० च राहू द्या."